माझ्या काकांवरची डॉक्युमेंटरी माझ्या काकांनाच कळली नाही

रेवा_रामबाग

नमस्कार. बरीच वर्षं इथे फक्त वाचते, लिहायची ही पहिलीच वेळ, लांबलं तर सांभाळून घ्या.

गेल्या रविवारी इथे इंदूरला एका छोट्या हॉलमध्ये आमच्या नानाकाकांवरची डॉक्युमेंटरी दाखवली, २२ मिनिटांची. एका संस्थेने करून घेतली होती, नाव मुद्दाम लिहीत नाही. नानाकाकांना दिसत नाही, चार वर्षांचे असताना गोवर निघाला त्यात दोन्ही डोळे गेले. आता वय ७१. पेट्या दुरुस्त करतात, म्हणजे हार्मोनियम, आणि पन्नास वर्षांहून जास्त काळ हेच काम करतायत, भजनी मंडळांच्या, शाळांच्या, गाण्याच्या क्लासवाल्यांच्या पेट्या येतात, देवास-उज्जैनहून सुद्धा येतात.

हॉलमध्ये काका मधे, मी डावीकडे, काकू उजवीकडे. काकूंनी त्यांना इस्त्रीचा झब्बा घालून आणला होता. सुरुवात झाली व्हायोलिनने, मग एका बाईंचा जड आवाज, अंधार, प्रकाश, नियती वगैरे, मग परत व्हायोलिन. काकांनी माझ्याकडे वाकून विचारलं, "आता काय दाखवतायत?" मी म्हटलं तुम्ही काठी घेऊन रस्त्याने चाललाय, संध्याकाळ आहे. "मग?" मग काही नाही काका, अजून चालताय. थोड्या वेळाने पुन्हा "आता?" म्हटलं आता तुमचा हात दिसतोय, पाण्याचा पेला शोधतोय, स्लो मोशनमध्ये. तर म्हणाले, "मी पेला कधी शोधतो गं? पेला जिथे ठेवलाय तिथेच असतो."

आणि हे खरं आहे, आमच्या घरात पेला, चष्मा (काकूंचा), रेडिओ, कानस, सगळ्याची जागा ठरलेली आहे आणि हलवली तर काका ओरडतात. तो पेला शूटिंगवाल्यांनी सरकवून ठेवला होता, काकूंनी नंतर सांगितलं. काळा गॉगलही त्यांनीच आणला होता, काका आयुष्यात गॉगल लावत नाहीत.

शूटिंग अडीच दिवस चाललं आणि दुसऱ्या दिवशी मी सबंध वेळ तिथेच होते. एका बुवांची जुनी पेटी आली होती, गुजरातेतल्या पालिताण्याच्या रीड्स (रीड म्हणजे सूर बोलणारी धातूची पत्ती), डबल रीड, म्हणजे एकच पट्टी दाबली की खर्ज (खालचा) आणि नर (त्याच्या वरचा) असे दोन्ही सूर बोलणारी. वापरून वापरून सूर ढळले होते. काकांनी एकेक रीड बोटाने चाचपून बघितली, रीडच्या पत्तीखाली पातळ पत्रा सरकवला आणि ब्लेडने खरवडायला लागले. टोकाला खरवडलं की सूर चढतो, मुळाशी खरवडलं की उतरतो, आणि जास्त खरवडलं तर रीड कायमची गेली, त्यामुळे दोनदा खरवडायचं, बसवायची, भाता मारायचा, ऐकायचं, पुन्हा काढायची. दोन सूर जुळत नसले की त्यांच्यात एक लहर ऐकू येते, वाँवँवँवँ अशी, जुळत आले की ती हळू होत जाते, वाँऽऽ वाँऽऽ, आणि मग एकदम थांबते. ती थांबायच्या आधी काका श्वास धरतात. कॅमेरावाल्या मुलाने विचारलं, काका कसं कळतं? म्हणाले, "लहर मोजतो." चाळीसेक मिनिटं शूट केलं त्या मुलाने, हलला नाही जागचा.

फिल्ममध्ये त्यातले ११ सेकंद आहेत. मी नंतर मोबाइलवर मोजले. आणि त्या ११ सेकंदांवरसुद्धा व्हायोलिन आहे. म्हणजे जो माणूस सूर लावतोय तो कुठला सूर लावतोय हेच ऐकू येत नाही.

फिल्म संपल्यावर टाळ्या, लोक पाया पडले, एक आजी रडल्या. घरी येताना रिक्षात काका गप्प होते, पलासियाच्या सिग्नलला म्हणाले, "माझ्या पेटीचा आवाजच नव्हता त्यात." बाकी काही बोलले नाहीत.

मला हेही सांगायचंय की करणारी माणसं वाईट नव्हती. पोहे-जिलबी आणायचे सकाळी सगळ्यांसाठी, काकूंशी नीट बोलायचे. पण एक कागद होता, त्यावर काकांची सही घेतली, "काका फॉर्मॅलिटी आहे" म्हणून, आणि तो कुणी वाचून दाखवला नाही. मीही नाही. ते मला आता फार लागतंय.

इथे कुणी फिल्म करणारे असतील, कुणाच्या घरात असं झालं असेल, तर लिहा. दिव्यांग माणसावर फिल्म करायची तर ती कशी करावी, मला खरंच समजून घ्यायचंय.

कातरी

रेवाताई, मी एडिटर आहे, इंदूरचाच. तुमची पोस्ट दोनदा वाचली कारण हे मी स्वतः केलेलं आहे, तुमच्या काकांच्या फिल्ममध्ये नाही पण दुसऱ्या चार फिल्ममध्ये तरी.

त्या हाताचं कसं होतं ते सांगतो. पेला उचलणारा हात आपण ५० किंवा १०० फ्रेमवर शूट करतो आणि २५ वर चालवतो, म्हणजे तो दुप्पट किंवा चौपट हळू होतो. साधा हात. पण बघणाऱ्याला वाटतं केवढे कष्ट पडतायत बिचाऱ्याला. कष्ट त्या माणसाचे नसतात, ते एडिटिंगच्या टाइमलाइनवर तयार होतात. तेच संगीताचं. संस्थेला फिल्म देणगीदारांना दाखवायची असते, सांगणं असतं की पहिल्या मिनिटात डोळ्यात पाणी यायला हवं, मग आपण भिंतीला रंग द्यावा तसं या टोकापासून त्या टोकापर्यंत संगीत लावतो.

आणि त्यामुळेच काकांना काही कळलं नाही. ऑडिओ डिस्क्रिप्शन म्हणून प्रकार असतो, पडद्यावर काय चाललंय ते संवादांच्या मधल्या मोकळ्या जागेत एक आवाज सांगतो. पण मोकळी जागाच ठेवली नाही तर तो आवाज बसणार कुठे? फिल्म झाल्यावर वरून चिकटवायची ती गोष्ट नाही, कापतानाच विचार करावा लागतो. दिव्यांग हक्क कायदा २०१६ चा, त्याच्या ४२ व्या कलमात हे लिहिलंय, ऑडिओ डिस्क्रिप्शन, सांकेतिक भाषा आणि कॅप्शन. थिएटरमधल्या सिनेमांसाठी माहिती प्रसारण खात्याने मार्च २०२४ मध्ये वेगळे नियमही काढले. पण आपल्या छोट्या फिल्म्स करताना हे कुणाच्या डोक्यातही येत नाही, माझ्याही आलं नव्हतं.

एक फिल्म सांगतो, सत्यजित राय यांची 'द इनर आय', १९७२ ची, वीसेक मिनिटांचीच. शांतिनिकेतनचे चित्रकार बिनोदबिहारी मुखर्जी यांच्यावर. लहानपणापासून नजर अधू होती आणि १९५० च्या दशकात ऑपरेशननंतर पूर्ण गेली, तरी काम चालू. राय त्यांचे विद्यार्थी. पडद्यावर ते टाइल्सचं मोठं भित्तिचित्र करताना दिसतात, आणि आधीची चित्रं निवांत दाखवलीयत. तो चित्रकार आहे हे आधी कळतं आपल्याला. तुमच्या काकांच्या फिल्ममध्ये पेटी दुरुस्त करणारा कारागीर आधी यायला हवा होता.

ग्वाल्हेरकर

मी थोडं वेगळं बोलतो, राग मानू नका. ग्वाल्हेरला आम्ही एक छोटी शाळा चालवतो, विशेष मुलांची. पैसे कुठून येतात? लोकांच्या दयेतूनच येतात. जोवर सरकारी मदत वेळेवर मिळत नाही तोवर मला बसचं डिझेल त्या रडणाऱ्या आजींच्या पाचशे रुपयांतून भरायचंय. फिल्मवाल्यांनी चांगल्या मनाने केलं असेल तर इतकं धारेवर धरू नये.

आणि दुसरं म्हणजे ज्याच्यावर फिल्म आहे त्याला विचारून विचारून कापायची म्हटली तर ती जाहिरात होईल. प्रत्येकाला आपली चांगलीच बाजू दाखवायची असते.

चाकांवरून

ग्वाल्हेरकर, डिझेलचं दुःख कळतं हो. पण त्या आजींच्या पाचशे रुपयांची किंमत कोण देतंय तेही बघा. मला लहानपणी पोलिओ झाला, व्हीलचेअर वापरते, इंदूरलाच एका ऑफिसात अकाउंट्स बघते. माझ्यावर एकदा सात मिनिटांची फिल्म झाली. त्यानंतर ऑफिसात नवीन आलेला माणूस माझ्याशी पगारपत्रकाबद्दल बोलायच्या ऐवजी "मॅडम तुमच्याकडून किती शिकण्यासारखं आहे" म्हणतो आणि पुढच्या टेबलावर जाऊन काम विचारतो. दया पैशाला कामाला येते पण नोकरीच्या वेळी तीच आडवी येते, कारण फिल्म बघून लोकांना वाटतं ही इथवर आली हेच खूप झालं.

ऑस्ट्रेलियाच्या स्टेला यंग होत्या, पत्रकार, स्टेजवर विनोदही करायच्या, व्हीलचेअरवर असायच्या. २०१४ च्या भाषणात त्यांनी सांगितलं होतं की त्या १५ वर्षांच्या असताना गावातल्या कुणीतरी त्यांना सत्कारासाठी सुचवायचं म्हटलं, तर आईवडील म्हणाले अहो पण तिने असं काही केलेलंच नाहीये. शाळेत जायची, टीव्ही बघायची, एवढंच. ते ऐकून मी हमसून हमसून रडले होते, कारण माझ्याही घरात अशी तीन स्मृतिचिन्हं आहेत आणि कशासाठी मिळाली ते मला आजही सांगता येत नाही.

आता फिल्मचं. माझं शूटिंग करणारा उभा राहून करायचा. त्यामुळे सात मिनिटं मी खालून वर बघतेय. कॅमेरा माझ्या उंचीवर आणा म्हटलं तर म्हणाला ताई मग बॅकग्राउंड येत नाही. अमेरिकेत रीड डेव्हनपोर्ट म्हणून दिग्दर्शक आहेत, त्यांना सेरेब्रल पाल्सी आहे, त्यांची २०२२ ची फिल्म आहे 'आय डिडन्ट सी यू देअर'. सगळी त्यांच्या व्हीलचेअरच्या उंचीवरून त्यांनीच शूट केलेली, त्यांचा चेहरा जवळपास दिसतच नाही. रस्ता दिसतो, फुटपाथच्या फरश्या, लोकांची पोटं, वाटेत आडवी ठेवलेली वायर, आणि मदत हवी का विचारणारे आवाज. ते बघताना पहिल्यांदा मला वाटलं की हा माझा रोजचा रस्ता आहे. 'क्रिप कॅम्प' (२०२०) तर पुष्कळांनी बघितली असेल, अमेरिकेतल्या दिव्यांग मुलांच्या एका उन्हाळी शिबिरावर आहे, तिचे एक दिग्दर्शक जेम्स लेब्रेक्ट त्या शिबिरात स्वतः मुलगा म्हणून गेलेले आहेत. त्यात मुलं भांडतात, प्रेमात पडतात, चावट बोलतात. त्यातलीच काही मोठी होऊन १९७७ साली सॅन फ्रान्सिस्कोच्या सरकारी इमारतीत तीन आठवड्यांहून जास्त ठाण मांडून बसली आणि दिव्यांगांच्या हक्कांच्या कायद्याची अंमलबजावणी करून घेतली. फोन तोडले तर बहिऱ्या कार्यकर्त्यांनी खिडकीतून खुणा करून बाहेर निरोप दिले.

आणि आपल्याकडेही सुप्रीम कोर्टाने जुलै २०२४ मध्ये याच विषयावर निकाल दिलाय, 'आंख मिचोली' सिनेमावरून. सिनेमात दिव्यांग माणसं दाखवताना हिणवणारे शब्द नकोत, पीडित, बळी अशी भाषा नको, दया आणि चमत्कार या दोन टोकांत अडकू नका, आणि आमच्याबद्दल आमच्याशिवाय काही नको. मी तो निकाल छापून ऑफिसात ठेवलाय.

हातवारे

माझे आईबाबा दोघंही बहिरे आहेत, मी ऐकू शकते, आणि इथे एका शाळेत शिकवते. रेवाताईंचं शीर्षक वाचून पोटात गोळा आला कारण आमच्याकडे हे दरवेळी होतं. बहिऱ्या मुलांवर फिल्म, आणि फिल्ममध्ये हिंदी व्हॉइसओव्हर. कॅप्शन नाही. मुलं पहिल्या रांगेत बसून स्वतःचे चेहरे बघतात आणि मागे वळून मला विचारतात, आमच्याबद्दल काय बोलतायत?

शूटिंगवाल्यांना माझी एकच विनवणी असते, भय्या, हात कापू नका. भावूक क्षण आला की कॅमेरा चेहऱ्यावर क्लोजअपला जातो आणि बोलणं तर हातांनी चाललंय! बोलणाऱ्या माणसाचा मधेच आवाज बंद करावा तसं आहे ते. डोक्याच्या थोडं वरपासून कमरेपर्यंत, दोन्ही कोपरं फ्रेममध्ये, एवढं तरी हवंच. मूल उजेडाकडे तोंड करून हवं. आणि कोपऱ्यात रुपयाएवढ्या गोलात दुभाषी बसवून भागत नाही, बोटं दिसत नाहीत त्यात.

भारतीय सांकेतिक भाषा म्हणजे हातांनी बोललेली हिंदी नव्हे हेही पुष्कळांना माहीत नसतं. तिचं स्वतःचं व्याकरण आहे, 'तू कुठे चाललास' यात 'कुठे' शेवटी येतो, भुवया, मान, गाल सगळं बोलतं. माझा बाबा गोष्ट सांगायला लागला की शेजारची ऐकू न येणारी पोरं पोट धरून हसतात. फिल्ममध्ये मात्र बाबा "शांततेच्या जगात राहणारे" असतात. आमच्या घरात शांतता कधीच नसते, भांडी आपटतात, पाय आपटून हाका मारतात, टीव्ही ढणाढणा चालू असतो.

२०१५ मध्ये गीता नावाची बहिरी मुलगी पाकिस्तानातून परत आली आणि इंदूरला राहिली तेव्हाचे कॅमेरे आम्ही जवळून बघितले. देशभर तिची गोष्ट दुसऱ्यांच्याच आवाजात पोचली.

मंजू_बडोदा

मी बडोद्याची. माझा मुलगा १९ वर्षांचा, ऑटिस्टिक, फार थोडं बोलतो, टॅबवर टाइप करतो. एक ओळखीची मुलगी कॉलेजच्या प्रोजेक्टसाठी फिल्म करायला आली होती, चांगली मुलगी. तिसऱ्या दिवशी शेजारी ड्रिल मशीन सुरू झालं आणि त्याचा तोल गेला, कान दाबून जमिनीवर. ती शूट करत राहिली. मी हात आडवा धरला. म्हणाली काकू, हे खरं आहे, लोकांना कळायला हवं. मी म्हटलं खरं आहे बाळा, पण तुझ्या आयुष्यातला सगळ्यात वाईट अर्धा तास मी गल्लीत लावला तर चालेल का?

त्याला सही करता येते, पण मला सहीचं काही वाटत नाही. तो कंटाळला की खोलीतून उठून जातो, तोच त्याचा नकार. मी तिला सांगितलं की तो उठला की कॅमेरा बंद, विचारायचं नाही. मग त्याला कॅमेरा हातात द्यायचं तिनेच सुचवलं. त्याने पंखा शूट केला. सोळा मिनिटं पंखा. सुरू होताना, वेग घेताना, बंद होताना पाती वेगळी दिसायला लागतात तो क्षण, परत परत. मी त्याची आई असून तो पंख्यात काय बघतो हे मला १९ वर्षांनी त्या दिवशी दिसलं. तिच्या फिल्मचा शेवट त्या पंख्यावर आहे.

ग्वाल्हेरकरभाऊ, तुमच्या शाळेतल्या मुलांच्या हातात एक दिवस मोबाइल देऊन बघा ना.

रेवा_रामबाग

सगळ्यांचे मनापासून आभार. रात्री काकांना सगळे प्रतिसाद वाचून दाखवले, चाकांवरून ताईंचा दोनदा वाचायला लावला.

ग्वाल्हेरकर, तुमचा दुसरा मुद्दा मी काकांना विचारला की तुम्हाला विचारून फिल्म केली तर तुम्ही फक्त चांगलंच दाखवाल का. ते म्हणाले नाही, मी गिऱ्हाइकांवर ओरडतो ते दाखवा. काकूला तीस वर्षं काशीला नेतो म्हणालो आणि नेलं नाही तेही येऊ दे. एका शिकाऊ मुलाला मी हाकलून दिलं होतं कारण त्याचा कान चांगला होता आणि मला भीती वाटली, हे त्यांनी मला परवा पहिल्यांदा सांगितलं. काकूंनाही माहीत नव्हतं. फिल्मवाल्यांनी त्यांना अडीच दिवसांत डोळ्यांविषयी किती प्रश्न विचारले असतील, पण कामाविषयी, माणसांविषयी एक-दोनच. मग हे येणार कुठून? मला असं वाटतं की खोटी फिल्म तिथेच सुरू झाली होती, प्रश्नांत, कॅमेरा सुरू व्हायच्या आधी.

कातरी, तुमचा व्यक्तिगत निरोप मिळाला, फोन करते.

ग्वाल्हेरकर

काकांना माझा नमस्कार सांगा. त्या शिकाऊ मुलाचं वाचून गप्प झालो. मंजूताई, शनिवारी मुलांना मोबाइल देणार आहे. काय आलं ते इथे लिहीन.

रेवा_रामबाग

जवळजवळ महिन्याने लिहितेय. संस्थेकडे गेलो होतो, काका स्वतः बोलले. आधी जरा अवघड वाटलं सगळ्यांना, पण त्यांनी मूळ शूटिंग द्यायचं कबूल केलं, आणि तो कॅमेरावाला मुलगा हार्ड डिस्क घेऊन घरी आला, तिसऱ्या दिवशी कातरी पण लॅपटॉप घेऊन आले. आमच्या मधल्या खोलीत जमिनीवर सतरंजी टाकून चौघं बसतो. आधी तो कागद काकांना वाचून दाखवला, तिथेच त्यांनी एक ओळ खोडायला लावली.

ऑडिओ डिस्क्रिप्शन मी लिहितेय आणि काका तपासतायत. मी लिहिलं होतं, "नाना चाचपडत रीड शोधतात." म्हणाले, चाचपडत काढ, मी बोटाने बघतो, तसंच लिही. गॉगल गेला, पेला गेला, व्हायोलिन गेलं. चाळीस मिनिटांतली नऊ मिनिटं सलग ठेवलीयत, नुसता भाता, ब्लेडची खरखर आणि लहर. बाहेरून भाजीवाल्याची हाक येते ती कातरी काढत होते, काकांनी ठेवायला सांगितली, तो रोज अकराला येतो म्हणे.

काल हेडफोन लावून ते ती नऊ मिनिटं ऐकत होते. मधेच हात वर केला, थांबव. परत लाव. पुन्हा थांबव. आम्हाला वाटलं काही कापायचंय. त्यांनी हेडफोन काढले आणि मला त्या बुवांना फोन लावायला सांगितला. वरच्या धैवताला खर्ज आणि नर अजून पुरते मिळालेले नाहीत, लहर फार मंद आहे म्हणून तेव्हा निसटली, पेटी परत घेऊन या, पैसे लागणार नाहीत.